तुम्ही विचारलेत म्हणून : "व्हिडिओ पाहून डॉक्टर झालात का?"

हा प्रश्न नातेवाईक थट्टेने विचारतात, वरिष्ठ खोचकपणे. भ्रूणविज्ञानाचा आणि शरीरक्रियाशास्त्राचा बराच भाग मी व्हिडिओ पाहूनच समजून घेतला, आणि त्यात लपवण्यासारखे काही आहे असे मला वाटत नाही.

वैद्यकीय शिक्षणाच्या पहिल्या वर्षी मिडगटच्या रोटेशनपाशी, म्हणजे गर्भात आतड्याचा मधला भाग फिरून आपल्या जागी बसतो त्या क्रियेपाशी, मी अडलो. गर्भाच्या सहाव्या आठवड्यात आतड्याचे वेटोळे नाळेत उतरते, दहाव्याच्या सुमारास पोटात परतते, आणि या प्रवासात सुपीरियर मेसेंटेरिक धमनीभोवती (आतड्याला रक्त पुरवणाऱ्या मुख्य धमनीभोवती), समोरून पाहता घड्याळाच्या उलट दिशेने, एकूण २७० अंश फिरते. पुस्तकात याच्या स्थिर आकृत्या असतात. एकीतून दुसरीत आतडे कसे गेले, हे विद्यार्थ्याने कल्पनेने जुळवायचे. मराठी माध्यमातून आलेल्या मला भरल्या वर्गात, तोडक्यामोडक्या इंग्रजीत, तोच भाग पुन्हा विचारण्याचा धीर होत नसे. व्हिडिओ हवा तितक्या वेळा मागे नेता येई आणि त्याच्या कपाळावर आठी उमटत नसे.

व्हायव्हात, म्हणजे तोंडी परीक्षेत, नेमके तेच विचारले गेले. मी खिशातला रुमाल लांबट धरून आधी ९० आणि मग १८० अंश फिरवून दाखवला. सीकम, म्हणजे मोठ्या आतड्याची सुरुवात, यकृताखालून उजवीकडे खाली कसे उतरते आणि हे फिरणे अर्धवट राहिले तर आतड्याला पीळ पडून नवजात बाळाला हिरवी उलटी का होऊ शकते, तेही सांगितले. "कुठल्या पुस्तकात वाचलेत?" परीक्षकांनी विचारले. मी खरे ते सांगितले. "म्हणजे उद्या पोटही मोबाईलमध्ये बघून उघडणार!" शेजारचे परीक्षक हसले. उत्तर बरोबर होते की चूक, याबद्दल कोणी अवाक्षर काढले नाही. मी उत्तीर्ण झालो, तरी तो हशा अजून डाचतो, आणि कदाचित म्हणूनच तुमच्या प्रश्नावर मी चिडतो.

प्लीहा (डाव्या बरगड्यांखालचा अवयव) तपासताना उजव्या इलियाक फोसापासून, म्हणजे पोटाच्या उजव्या खालच्या कोपऱ्यापासून, सुरुवात करून रुग्णाच्या श्वासागणिक बोटे डाव्या बरगडीकडे न्यायची, हे मला व्हिडिओने दाखवले. पण वाढलेली प्लीहा बोटांना लागली ती वॉर्डातच. दुप्पट वेगाने पाहिलेला धडा समजल्यासारखा वाटतो आणि कोऱ्या कागदावर आकृती काढायला बसले की हात थांबतो, हेही खरे.

२०२० च्या टाळेबंदीत मात्र मी, आता वर्ग हवेतच कशाला, असे ठासून सांगत असे. आज मला ते पटत नाही. पण ज्याला वर्गात विचारता येत नाही त्याने कुठे जायचे, या तेव्हाच्या माझ्या प्रश्नाला माझ्याकडे अजून उत्तर नाही.