पडद्यामागचा तास

मंडळाचा वार्षिक मेळावा म्हटलं की आधी आठवतो तो मंचावरचा जाड काळा पडदा. त्याच्यामागे माइक, आणि ताईंचा तास. ताईंनी उमेदीची वर्षं आवाज देण्यात घालवली: कार्टूनमधली पोरं, खाष्ट म्हाताऱ्या, जाहिरातीतल्या आया, बोलणारे प्राणी. पुढे त्या इतरांचे आवाज निवडू लागल्या आणि त्यांच्या तासाला खरा रंग चढला.

पडद्यामागून सहा जण एकच वाक्य वाचायचे. ऐकणाऱ्यांनी चिठ्ठीवर बोलणाऱ्याचं वय, अंगकाठी आणि स्वभाव लिहायचा. ‘छान आवाज’ एवढंच लिहिलेली चिठ्ठी ताई परत द्यायच्या. “छान, पण कुणाच्या शेजारी?” मग दोन-दोन आवाज जोडीने ऐकवायच्या. दोघांची पट्टी सारखी आणि बोलण्याची लयही सारखी असेल, तर डोळे मिटल्यावर कोण बोलतंय तेच कळत नाही. प्रत्येक आवाज सुटा ऐकून निवड केली की ही चूक हमखास होते, आणि ती उघडी पडते थेट मिक्सिंगच्या, म्हणजे सगळे आवाज एकत्र जुळवण्याच्या वेळी.

काम मागताना द्यायची नमुन्याची ध्वनिफीत एक ते दीड मिनिटाची असावी, सुरुवातीला संगीत नको, पहिला तुकडा स्वतःच्या नेहमीच्या आवाजातला हवा, हे त्या भरभर सांगून टाकायच्या. रेंगाळायच्या त्या लहान मुलांच्या आवाजावर. मुलाचा आवाज वयात येताना फुटतो, पात्र मात्र तेवढंच राहतं, म्हणून ही कामं बायकांकडे येतात. १९८७ साली अमेरिकन अभिनेत्री नॅन्सी कार्टराइट ‘सिम्पसन्स’ कार्टूनमधल्या लिसा सिम्पसनच्या ऑडिशनला गेल्या आणि तिथे त्यांनी तिच्या भावाचं, बार्टचं वाचन करायला मागितलं, ती आठवण इथे ठरलेली. जपानी अभिनेत्री मासाको नोझावा तर १९८६ पासून ‘ड्रॅगन बॉल’ कार्टूनचा नायक गोकू याला आवाज देत आल्या आहेत. गोकू बाप झाला, तरी मूळ जपानीत त्याचा आणि त्याच्या दोन्ही मुलांचा आवाज त्यांचाच.

नुसती पट्टी चढवली की मूल नाही, चिरका मोठा माणूस ऐकू येतो. ताई ओठ किंचित आवळून, जीभ पुढे आणून बोलायच्या आणि श्वास मुद्दाम वाक्याच्या मध्येच घ्यायच्या. “आई, मी ना... आज ना... पडलो.” मोठी माणसं अर्थ बघून श्वास घेतात, मुलं तो संपला की घेतात.

डबिंगचा प्रयोग मोठ्या पडद्यावर व्हायचा. तीन बीप, आणि चौथा ठोका जिथे पडला असता तिथे पहिला शब्द. चित्रातले ओठ मिटतात तिथे प, फ, ब, भ किंवा म आलाच पाहिजे. वाक्य “जाऊ नकोस” असेल आणि शेवटी ओठ मिटत असतील, तर ताई कागदावर पेन्सिलीने दुरुस्ती करायच्या: “जाऊ नको, थांब.” वाक्य चपखल बसायचं.

माइकपासून अंतर एक वीत, आणि माइक ओठांच्या जरा बाजूला, म्हणजे ‘प’, ‘फ’ची हवा त्याच्यावर आदळत नाही. कुजबुजीला चार बोटं, आरोळीला अर्धं पाऊल मागे. किंकाळ्या शेवटी. त्या आधी उरकल्या तर घसा बसतो आणि उरलेली वाक्यं सकाळच्या वाक्यांशी जुळत नाहीत. तोंड कोरडं पडलं की चटचट आवाज येतो, त्यावर पाणी आणि हिरव्या सफरचंदाची फोड. दूध नाही, त्याने लाळ चिकट होते. बांगड्या बाहेर, सळसळणारे कपडे नकोत, स्क्रिप्टची पानं सुटी.

सांगता गर्दीच्या आवाजाने. सगळ्यांनी माइकभोवती गोल फिरत बोलायचं, प्रत्येकाने वेगळं आणि अगदी साधं. एखादा ठसठशीत शब्द आला की कान नेमका तोच टिपतो आणि टेक वाया जातो. मग जागा बदलून त्याच आवाजावर रेकॉर्डिंगचा दुसरा थर: बारा माणसांचा बाजार होतो. त्यानंतर ताई हात वर करायच्या. जोडकामासाठी, रेकॉर्डिंगच्या तुकड्यांमध्ये भरायला, खोलीची शांतता हवी असते. तीस सेकंद कुणी हलायचं नाही. सगळं मंडळ आहे तिथे, श्वास आवरून उभं, आणि कोपऱ्यात रेकॉर्डिंगचा लाल दिवा.