गुणगुणून मागायचं दुकान

गाण्याचे शब्द आठवत नाहीत, गायक ठाऊक नाही, नुसती चाल डोक्यात घोळतेय. अशा वेळी आम्ही मुंबईत काळा घोड्याला जायचो, ऱ्हिदम हाउसमध्ये. १९४८ सालचं रेकॉर्डी-कॅसेटींचं दुकान, जहांगीर आर्ट गॅलरीच्या समोरचं. मी पहिल्यांदा गेलो तो नव्वदच्या दशकात, खिशात लोकलचा पास आणि जेमतेम एका कॅसेटपुरते पैसे घेऊन.

घसा खाकरून मी काउंटरवर एक मुखडा गुणगुणलो. निदान माझी तशी समजूत होती. समोरच्या माणसाने चेहऱ्याची इस्त्री मोडू न देता तो ऐकला, मागे वळला आणि एक कॅसेट पुढ्यात ठेवली. “हीच ना?” हीच! माझ्या गळ्यातून निघालेल्या ऐवजातून मूळ चाल शोधायला नुसता कान पुरत नाही, दयाबुद्धीही लागते.

विकत घेण्याआधी ऐकायला तिथे बूथ होते. बाहेर उभं राहिलं की आतल्या माणसाची मान दिसे, मांडीवरची बोटं दिसत. गाणं काही ऐकू येत नसे. एकदा टाय लावलेल्या एका गृहस्थांचा हात हवेत जाऊन असा काही खाली आला की सम आली असणार. मग डोळे उघडले, मी दिसलो आणि ते एकदम ऑफिसात परतले.

मैफलींची तिकिटंही तिथे मिळायची. तिकडे धोबी तलावच्या रंगभवन या खुल्या नाट्यगृहात १९८६ साली सुरू झालेल्या इंडिपेंडन्स रॉक या रॉक संगीताच्या महोत्सवासाठी गर्दी लोटे. तिथली लांब केसांची पोरं आणि ख्यालवाले आजोबा या दुकानात एकमेकांना खेटून उभे असत, दुसऱ्याच्या हातात कुठली कॅसेट आहे ते चोरून बघत. पुढे शांतता क्षेत्राच्या नियमांनी रंगभवन गप्प झालं. २०१६ मध्ये मालक मेहमूद कर्माली यांनी दुकानही बंद केलं. पायरसीला बोल लावणाऱ्यांत मीही होतो. मित्राकडून भरून घेतलेल्या माझ्या कॅसेटी तेव्हा कपाटात निमूट बसल्या होत्या.

परवा एक चाल आठवेना, म्हणून फोनपुढे गुणगुणलो. त्याने कुठलासा भांगडा काढून दाखवला. पुन्हा गायलो, जरा सुरात यायचा प्रयत्न करत. पुन्हा भांगडाच.

काउंटरवरच्या त्या माणसाने मला दुसऱ्यांदा गायला लावलं नव्हतं.