नेपथ्याकडून पटकथेकडे

चित्रपटाच्या आरंभी पडद्यावर येणारी नावे मी नेमाने वाचतो. घरच्यांच्या मते हा निव्वळ वेळकाढूपणा आहे. हान्स याकोबी हे नाव मला त्या वाचनातच भेटले. जर्मन मूकपटांच्या अखेरच्या वर्षांत नेपथ्य उभारणारा हा कलावंत नाझींची सत्ता आल्यावर मायदेशापासून दूर गेला आणि पुढे अमेरिकेत पटकथालेखक झाला.

भिंती आणि जिने रचण्यात उमेदीची वर्षे घालवलेल्या माणसाने लेखणी धरली, तर त्याच्या कथेत जागांना पात्रांइतके काम मिळत असावे, असा माझा आपला एक तर्क आहे. १९४३ च्या ‘फँटम ऑफ द ऑपेरा’चे कथारूपांतर त्याच्या नावावर आहे, आणि तो चित्रपट युनिव्हर्सल स्टुडिओने १९२५ च्या मूकपटासाठी बांधलेल्या प्रेक्षागृहातच चित्रित झाला. त्याने सहलेखन केलेल्या ‘सिरोको’ या चित्रपटातले १९२५ चे बंडाळीग्रस्त दमास्कस हॉलिवूडमध्ये उभे राहिले. त्याचाच ‘शॅम्पेन फॉर सीझर’ हा प्रश्नमंजूषेवरचा विनोदी चित्रपट मात्र माझ्या तर्काला अजिबात दाद देत नाही, म्हणून तो मी सोयीस्करपणे बाजूला ठेवतो.

खरा आधार १९५८ च्या ‘एस गेशाह आम हेललिख्टन टाग’ (भर दिवसा घडले) या जर्मन भाषेतल्या चित्रपटात सापडतो. स्विस लेखक फ्रीड्रिख ड्युरेनमाट आणि दिग्दर्शक लाडिस्लाओ वाज्दा यांच्यासह याकोबीने त्याची पटकथा लिहिली. खून झालेल्या मुलीने शाळेत काढलेल्या चित्रातल्या शिंगवाल्या प्राण्यावरून माथेई हा पोलीस अधिकारी ताडतो, की हे स्वित्झर्लंडमधल्या ग्राउब्युंडन प्रांताचे चिन्ह आहे आणि खुन्याची मोटार तिथली आहे. मग तो झुरिककडे जाणाऱ्या रस्त्यावरचा पेट्रोल पंप चालवायला घेतो, तशीच दिसणारी एक लहान मुलगी आणि तिची आई यांना तिथे आणून ठेवतो आणि वाट पाहू लागतो. रस्ता, पंप आणि खेळणारे मूल एवढ्या मांडणीवर सारा ताण तोललेला आहे. तपासाची जागा इथे नेपथ्यानेच घेतली आहे, असे मला वाटते.

चित्रपटात खुनी त्या सापळ्यात सापडतो. ड्युरेनमाटला हा शेवट रुचला नाही, म्हणून त्याच वर्षी त्याने ‘दास फरश्प्रेखन’ (वचन) ही कादंबरी लिहिली. तीत खुनी वाटेतच अपघातात मरतो आणि माथेई खंगत वाट पाहत राहतो. कादंबरीचा शेवट अधिक थोर आहे, हे मला मान्य आहे. परंतु इतक्या निगुतीने उभारलेला पंप अखेर कामी आलेला पाहताना जे समाधान वाटते, तेही मला सोडवत नाही.