भोंगा वाजला होता का?

कारखान्यांतल्या अपघातांची चौकशी करणं हे माझं काम. एका शेडमध्ये क्रेनवरून गर्डर निसटला आणि एका कामगाराचा पाय जायबंदी झाला. क्रेन हलण्याआधी भोंगा वाजला होता का, यावर सगळं अडलं होतं.

त्याच संध्याकाळी मी प्रत्येकाला वेगळं बसवून जबाब घेतले. एकत्र बसवलं की सगळ्यांत ठामपणे बोलणाऱ्याची आठवण बघता बघता सगळ्यांची होऊन जाते. क्रेन ऑपरेटर म्हणाला, वाजला. लांबच्या मशीनवरचा म्हणाला, वाजला, पण गर्डर पडल्यावर. गर्डरची दोरी धरून उभ्या असलेल्या हेल्परने स्वतःच्या हाताने लिहिलं, वाजलाच नाही.

क्रेनच्या कंट्रोलरमधली नोंद काढली. भोंगे दोन वाजले होते. क्रेन सरकताना नेहमीचा, आणि गर्डर पडल्यावर धोक्याचा. म्हणजे खोटं कुणीच बोलत नव्हतं. हेल्परची नजर हुकावर खिळलेली. आणि नेहमीचा भोंगा दिवसभर इतक्या वेळा वाजतो, की कानावर पडूनही तो मनापर्यंत जात नाही.

काही महिन्यांनी समितीपुढे हाच हेल्पर म्हणाला, "भोंगा आधीच वाजला होता, मी ऐकला." त्याचा जबाब त्याच्यापुढे ठेवला. बराच वेळ बघून तो म्हणाला, "अक्षर माझंच आहे साहेब, पण असं झालं नव्हतं."

एका सदस्याला वाटलं, याला कुणीतरी पढवलंय. मला ते मुळीच पटलं नाही. १९८६ मध्ये अमेरिकेच्या चॅलेंजर अवकाशयानाचा स्फोट झाला, तेव्हा दुसऱ्याच दिवशी मानसशास्त्रज्ञ उलरिक नाइसर यांनी विद्यार्थ्यांकडून बातमी कुठे, कशी कळली ते लिहून घेतलं. सुमारे अडीच वर्षांनी त्यांतल्या ४४ जणांना पुन्हा विचारलं, तर ११ जणांची सगळीच उत्तरं बदललेली. स्वतःचं हस्ताक्षर समोर असूनही काहीजण नव्या आठवणीवरून हटले नाहीत.

दुसरे सदस्य म्हणाले, आता जबाब नोंदीशी जुळतोय, मग हाच धरा. तिथे मी अडून बसलो. नवा जबाब बरोबर होता, पण माझ्या मते तो सहकाऱ्यांच्या बोलण्यातून त्याच्यात मुरला होता. पहिला जबाब चुकीचा असूनही आम्हाला तोच हवा होता. भाराच्या सगळ्यांत जवळ उभ्या असलेल्या माणसापर्यंत इशारा पोचलाच नाही, हे फक्त त्या कागदावर होतं.

अहवालात दोन्ही जबाब जसेच्या तसे गेले. शिफारस एकच केली: दोरीवाल्याने हात वर केल्याशिवाय क्रेन हलवायची नाही.