तुम्ही विचारलंत म्हणून: रूपकात का नाही सांगत?

"दडपशाही आहे ना, मग रूपकात सांगा. खाडिलकरांनी नाही सांगितलं?" पथनाट्यावरच्या प्रत्येक चर्चेत हा प्रश्न येतोच. सांगितलं, खरंय. १९०७च्या 'कीचकवधा'त प्रेक्षकांना कीचकात व्हाइसरॉय कर्झन दिसला. पण प्रेक्षकाला कळतं ते सरकारलाही कळतं. १९१०मध्ये बंदी आलीच. रूपकाने थोडा वेळ मिळतो, अभय नाही.

म्हणून पसारा कमी करा, असं मी वर्षानुवर्षं सांगत आले. ६-७ जण, एक डफ, २० मिनिटं. माईक नको, तो जप्त झाला की प्रयोग बसलाच. प्रेक्षकांच्या रिंगणातल्या पुढच्या दोन रांगा खाली बसवा, नाहीतर मागचे रेटत येतात आणि नटाला वळायला जागा उरत नाही. वाक्य वळत वळत म्हणा, म्हणजे पाठीमागच्यांनाही शेवटचा शब्द मिळतो. प्रत्येकाला आणखी एकाची भूमिका पाठ हवी. कोणाला कधी उचलतील, नेम नाही. बेलारूसची राजधानी मिन्स्कमध्ये 'बेलारूस फ्री थिएटर' या नाटकमंडळीने तर खाजगी घरांत प्रयोग केले. तरी ऑगस्ट २००७मध्ये पोलीस प्रयोगात शिरले आणि प्रेक्षकांनाही घेऊन गेले.

छोटं नाटक सुरक्षित, हे माझं म्हणणं झंडापूरपाशी अडतं. १ जानेवारी १९८९. दिल्लीजवळच्या साहिबाबादच्या त्या कामगार वस्तीत 'जन नाट्य मंच' या पथनाट्य मंडळीचा 'हल्ला बोल' चालू असताना हल्ला झाला. रिंगणाला विंग नसते, मागचं दार नसतं. चारी बाजूंनी माणसं, हीच त्याची ताकद. त्या दिवशी तिचाच सापळा झाला. राम बहादूर या कामगाराला गोळी घालून मारलं. मंचाचे एक संस्थापक सफदर हाश्मी यांच्या डोक्यावर वार झाले, दुसऱ्या दिवशी ते गेले. वय ३४. आणि ४ तारखेला मलयश्री हाश्मी, त्यांच्या पत्नी, मंडळींना घेऊन त्याच जागी गेल्या आणि अर्धवट राहिलेला प्रयोग त्यांनी पूर्ण केला.

सेट नव्हता, दिवे नव्हते, म्हणूनच ते तीनच दिवसांनी शक्य झालं, असं मी अभिमानाने सांगायचे. अजूनही सांगते. पण नटांनी आपला जीव पणाला लावणं वेगळं. राम बहादूर नाटकमंडळीतला नव्हता. त्याला कुणी विचारलं होतं?

आता जागा बघताना नट कुठे उभे राहतील ते नंतर. लोक कुठून बाहेर पडतील ते आधी बघा, म्हणते. झंडापूरला तेवढ्याने कोणी वाचलं असतं का, या प्रश्नावर मात्र मी अजून गप्प होते.