पहिला बाण

जून २०२२ चा शेवट. 'मनी हाइस्ट: कोरिया' नेटफ्लिक्सवर २४ तारखेला आली आणि त्याच आठवड्यात एका क्लायंटचा फोन, अकाउंट्समधलं एक मशीन रात्री भलत्याच आयपीशी, म्हणजे इंटरनेटवरच्या अनोळखी पत्त्याशी, बोलतंय. सॅम्पल, म्हणजे संशयित फाइल, हातात आलं तर त्याच मालिकेच्या एपिसोडचं नाव, आयकॉन व्हिडिओ प्लेअरचा, शेवटी एमकेव्ही डॉट ईएक्सई. विंडोज एक्स्टेन्शन, म्हणजे नावाचं शेपूट, लपवतं, त्यामुळे ईएक्सई, म्हणजे चालणारा प्रोग्राम, असूनही डाउनलोड करणारीला फक्त एमकेव्ही, म्हणजे व्हिडिओ, दिसलं. विंडोजने ही सवय अजून का सोडली नाही, मला खरंच कळत नाही.

लोकांना वाटतं आम्ही मालवेअर तपासणारे बसून कोड वाचतो. आधी व्हीएममध्ये, म्हणजे कॉम्प्युटरच्या आतल्या खोट्या कॉम्प्युटरमध्ये, फाइल चालवून ती काय काय करते ते टिपायचं असतं. प्रत्येक हालचाल नोंदवणारा प्रोसमॉन दोन मिनिटांत लाखो ओळी ओततो, त्या मी रात्री अकरापर्यंत फिल्टर करत बसलो आणि काही हाती लागेना, कारण बाहेर बोलत होता तो एसव्हीसीहोस्ट, म्हणजे पडद्यामागच्या सर्व्हिसेस चालवणारा विंडोजचाच माणूस, सिस्टम३२ मधला, सही मायक्रोसॉफ्टची.

मग तो लॉग आणि वायरशार्कने पकडलेली नेटवर्कची ये-जा प्रॉकडॉटमध्ये टाकली. प्रोसेस, थ्रेड, फाइल, सर्व्हर, सगळं बाणांनी जोडून दाखवणारं फुकट टूल आहे. चित्र उमटलं आणि मी खुर्चीत सरळ बसलो. खऱ्या एसव्हीसीहोस्टला विंडोजची सर्व्हिसेस डॉट ईएक्सई सुरू करते, आणि हा त्या एपिसोडच्या पोटातून निघाला होता!

मालिकेत दरोडेखोर टांकसाळीतल्या ओलिसांनाही आपल्यासारखेच लाल सूट घालतात, पोलिसांना कोण कुठला कळू नये म्हणून. इथे दरोडेखोर पहारेकऱ्याच्या कातडीत शिरला होता. खात्रीसाठी डीबगरमध्ये, म्हणजे प्रोग्राम पायरीपायरीने चालवणाऱ्या टूलमध्ये, राइटप्रोसेसमेमरीवर, दुसऱ्या प्रोसेसच्या मेमरीत लिहिणाऱ्या कॉलवर, ब्रेकपॉइंट लावला, थांबल्यावर तिसरं आर्ग्युमेंट, म्हणजे जे लिहायचंय ते, डंपमध्ये उघडलं तर पहिलेच दोन बाइट ४डी ५ए, 'एमझेड', ईएक्सईच्या सुरुवातीची खूण, म्हणजे आख्खी दुसरी ईएक्सई. झोपवलेला एसव्हीसीहोस्ट आतून रिकामा करायचा, ती त्यात भरायची, मग रेझ्यूमथ्रेडने त्याला जागं करायचं. प्रोसेस हॉलोइंग म्हणतात याला. इतकं स्वच्छ चित्र माझ्याकडून आधी कधी निघालं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी मीटिंगमध्ये ते स्क्रीनवर लावलं. शेवटच्या बाणापर्यंत कोणी आलंच नाही. मॅनेजरनी डावीकडच्या पहिल्या चौकटीवर बोट ठेवलं, "हे मशीन कोणाचं?" रिपोर्ट पूर्ण दिसावा म्हणून त्या चौकटीवर मशीनचं नाव मीच टाइप केलेलं. पाच मिनिटांत ती मुलगी आत उभी होती, म्हणाली, "सर, मला खरंच व्हिडिओच वाटला." अकाउंट्समधल्या प्रत्येकाला लोकल अॅडमिन, म्हणजे आपल्या मशीनवर काहीही करायचे हक्क, कोणी देऊन ठेवलं, अँटीव्हायरसचा अलर्ट तीन दिवस कोणी उघडला नाही, हे मी बोललो, पण त्याचा बाण चित्रात नव्हता आणि जे चित्रात नाही ते त्या खोलीत घडलंच नव्हतं. चूक आयटीची होती, मी आजही तेच म्हणेन.

संध्याकाळी सुधारलेला रिपोर्ट पाठवला. तिच्या चौकटीच्या डावीकडे आणखी दोन चौकटी काढल्या, एकीत अॅडमिन राइट्स, दुसरीत तो न उघडलेला अलर्ट, तारखांसकट, आणि मशीनचं नाव काढून टाकलं. उत्तर एका ओळीचं आलं, पहिलाच रिपोर्ट फायनल धरतोय.