जपानी नटी मियाशिता जुन्को बघायची कशी?

दशावतार जागून पाहणाऱ्याला निक्कात्सु या जपानी स्टुडिओचे ‘रोमन पोर्नो’ हे शृंगारपट समजायला वेळ लागत नाही. आडदशावतार ठरलेला असतो, संकासुर येणार म्हणजे येणारच. पुढचं आख्यान मात्र नटाच्या तोंडावर चालतं. निक्कात्सुचा साचाही तसाच. नोव्हेंबर १९७१ पासून १९८८ पर्यंत तो चालला: सत्तरेक मिनिटांचा सिनेमा, आठ-दहा दिवसांत चित्रीकरण, दर दहा मिनिटांनी एक शृंगारप्रसंग. एवढं सांभाळलं की उरलेलं दिग्दर्शकाच्या मर्जीवर.

मियाशिता जुन्को आली ती छोट्या, स्वतंत्र निर्मात्यांच्या ‘पिंक’ म्हणजे शृंगारिक चित्रपटांतून. तिथे पैसा निक्कात्सुपेक्षाही तुटपुंजा. मग ती निक्कात्सुत आली आणि तानाका नोबोरुच्या १९७५ च्या चित्रपटात आबे सादा झाली, म्हणजे प्रियकराचा खून करून गाजलेली खरीखुरी बाई. त्याच खऱ्या खटल्यावरचा दिग्दर्शक ओशिमाचा गाजलेला सिनेमा त्यानंतर वर्षभराने आला.

तिला बघताना आधी आवाजाकडे लक्ष द्या. हे चित्रपट बहुतेक मुके चित्रित व्हायचे, संवाद मागाहून स्टुडिओत भरायचे. म्हणजे उसासासुद्धा पडद्याकडे बघत पुन्हा द्यायचा. ओठ आणि श्वास जरा मागेपुढे झाले की प्रसंग हास्यास्पद. एइरिन या परीक्षण मंडळाचा जाच वेगळाच! गुप्तांग किंवा तिथले केस दिसून तेव्हा चालायचं नाही. म्हणून अंगाला ‘माएबारी’ ही चिकटपट्टी लावायची, पुढ्यात दिवा नाहीतर फुलदाणी ठेवायची. तरीही काही दिसलंच तर फ्रेमवर धुरकट डाग. त्या फुलदाणीमागून अभिनय करायचा तर चेहरा, मान आणि हात एवढंच भांडवल उरतं.

एकच बघायचा असेल तर कुमाशिरो तात्सुमीचा १९७९ चा ‘लाल केसांची बाई’ बघा. बाहेर आषाढातल्या वेंगुर्ल्यासारखा न खळणारा पाऊस. आत ओल धरलेली एक खोली, रस्त्यात भेटलेला मजूर आणि झटपट नूडल्स. या बाईला नावसुद्धा नाही. ती कुठून आली, कुणाची कोण, हे जुन्को फारसं बोलून सांगत नाही; नूडल्स खाताना, अंथरुणात कूस बदलताना ते कळत जातं. शृंगारप्रसंग पुढे ढकलून बघणाऱ्याच्या हाती इथे काहीच लागणार नाही, कारण भांडण, भीती, लाचारी सगळी त्यातच घातली आहे.  अख्खा सिनेमा तीच ओढते.